दुखणे कागदावर कोण लिहिणार?

अपंगत्व म्हटले की अजूनही आपल्या डोळ्यांसमोर कुबडी येते, पांढरी काठी येते. आमच्या नंदुरबार जिल्ह्यात, सातपुड्यातल्या भिल्ल-पावरा वस्त्यांमध्ये मात्र एक अपंगत्व असे आहे, जे बघणाऱ्याला दिसतच नाही. ते म्हणजे सिकलसेल. रक्तातल्या गोल पेशी विळ्यासारख्या वाकतात, बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात आणि हाडे आतून ठणकू लागतात. थंडी, ताप, अंगमेहनत, एवढे निमित्त पुरते. आठवड्याने तोच माणूस बाजारात दिसला की लोक म्हणतात, "याला काय धाड भरलीय?" (विळा हा शब्द आम्ही कवी सुगीच्या गाण्यात वापरत आलो, तोच रक्तात शिरलेला पाहवत नाही.)

१९९५च्या कायद्यात अपंगत्वाचे ७ प्रकार होते. २०१६च्या दिव्यांग हक्क कायद्याने ते २१ केले आणि त्यांत सिकलसेल आला. प्रमाणपत्रावर ४० टक्के किंवा अधिक लागले, तर उच्च शिक्षणातल्या ५ टक्के राखीव जागांवर हक्क सांगता येतो. सरकारी नोकरीतल्या ४ टक्क्यांत मात्र हा आजार धरलेला नाही. हे मला पटत नाही.

पण टक्के ठरवायचे कसे? अधू पाय मोजता येतो. कळ तपासणीच्या दिवशी हजर असेलच असे नाही. माणूस रुग्ण आहे की नुसता वाहक, हे रक्ताच्या तपासणीत कळते. आजाराने त्याला किती जखडले, हे कळायला जुने कागद लागतात: किती वेळा दवाखान्यात भरती झाला, किती वेळा रक्त चढवले. आणि धडगाव, अक्कलकुव्याच्या दूरच्या पाड्यांवर कितीतरी जण ही कळ घरी खाटेवरच काढतात. ज्याने मुकाट सोसले, त्याच्याकडेच पुरावा नाही!

म्हणून माझे मागणे साधे आहे. आशाताईंच्या वहीत प्रत्येक दुखण्याची तारीख लिहिली जावी आणि तपासणी मंडळाने ती नोंद विचारात घ्यावी. "किती दुखते?" हे रुग्णाला पावरीत, भिलीत विचारणारे कोणी तिथे असावे. घरच्यांनीही दवाखान्याची चिठ्ठी फेकू नये. पिशवीत घालून आढ्याला टांगून ठेवावी.

आश्रमशाळांच्या गुरुजींना मात्र प्रमाणपत्राची वाट पाहायचे कारण नाही. अशा मुलाला वर्गात पाण्याची बाटली जवळ ठेवू द्या, कवायतीच्या तासाला दमला की बसू द्या, आणि थंडीच्या दिवसांत पहाटे गार पाण्याने अंघोळीला उभे करू नका.