रुपेरी हात आणि डालडा १३

तेरखेड्याहून आम्ही बोलतोय, गावातल्या बचत गटांच्या वतीनं. स्वयंपाक उरकत आला असेल, भाकरी तव्यावर असेल, तर असू द्या. कान इकडं आणि हात तिकडं, असंच आपलं चालतं.

आज एका बाईची गोष्ट सांगायचीय. ती आपल्या भागातली नाही, आपल्या जातीपातीची नाही, आणि बचत गट हा शब्दही तिच्या काळात नव्हता. पण गेले तीन आठवडे आमच्या बैठकीत हप्त्यापेक्षा तिचंच नाव जास्त निघालंय. होमाई व्यारावाला. नाव अवघड वाटतं. आमच्यातल्या एक आजी पहिल्या दिवशी ‘व्हमाबाई’ म्हणाल्या आणि तेच चालू राहिलं.

होमाईबाई जन्मल्या ९ डिसेंबर १९१३ ला, गुजरातेत नवसारीला, एका पारशी घरात. वडील नट होते. पारशी-उर्दू नाटकांच्या फिरत्या कंपनीत ते काम करायचे. आपल्याकडं जत्रेला तमाशाचा फड येतो, ट्रकमधून पेट्या उतरतात, तंबू ठोकतात, दोन दिवसांनी सगळं गुंडाळून पुढच्या गावाला. येरमाळ्याच्या यात्रेत तुम्ही पाहिलंच असेल. तसंच त्यांचं लहानपण. आज या गावाला, उद्या त्या गावाला.

त्या काळच्या नाटकात बाईचं काम बहुतेक पुरुषच करायचे. आपले बालगंधर्व नऊवारी नेसून उभे राहिले की बायाच त्यांच्या नेसण्याची नक्कल करायच्या, असं जुनी माणसं सांगतात. म्हणजे मंचावर साडी बाईची आणि अंग पुरुषाचं. हे लक्षात ठेवा, पुढं याच्या बरोबर उलटं होणार आहे.

पुढं घर मुंबईला आलं. त्यांच्या वर्गात मॅट्रिकपर्यंत टिकलेली ती एकटीच मुलगी. आम्ही बी.ए. केलं तेव्हा कॉलेजच्या एसटीत मुलींसाठी दोन बाकं राखून ठेवलेली असायची, तरी आम्हाला वाटायचं केवढं धाडस करतोय! ही तर नव्वद-शंभर वर्षांपूर्वीची गोष्ट. नंतर जे. जे. कलाशाळेत शिक्षण झालं. आणि तेराव्या वर्षी ओळख झालेल्या माणेकशा व्यारावाला यांनी त्यांच्या हातात कॅमेरा दिला. पुढं त्यांच्याशीच लग्न झालं. फोटो काढायला शिकवलं ते नवऱ्यानं, हे सांगायलाच पाहिजे. शिकवणारा नवरा सगळ्यांच्या नशिबात नसतो.

सुरुवातीला त्या काय टिपायच्या? जे. जे.तल्या मैत्रिणी, मुंबईतल्या बायकांच्या मंडळाची सहल, शहरातलं रोजचं जगणं. सहलीचे फोटो ‘बॉम्बे क्रॉनिकल’ नावाच्या वर्तमानपत्रानं घेतले आणि एका फोटोला एक रुपया दिला. पुढं दुसरं महायुद्ध लागलं, तेव्हा ‘इलस्ट्रेटेड वीकली’ या मोठ्या साप्ताहिकासाठी काम सुरू झालं. फोटो छापून यायचे, पण खाली नाव नवऱ्याचं.

का? तर बाईचं नाव कुणाला माहीत नाही, आणि बाई असली कामं करते यावर विश्वास कोण ठेवणार. मंचावर पुरुष बाई व्हायचा आणि टाळ्या त्यालाच मिळायच्या. इथं बाईनं काम केलं आणि कागदावर ती पुरुष झाली.

हे वाचून दाखवलं तेव्हा बैठकीत कुणी हळहळलं नाही. उलट बाया हसल्या. एक म्हणाली, “मग त्यात नवं काय? शेतात मी राबते, सातबारा त्यांच्या नावावर, पिकाचे पैसे त्यांच्या खात्यात.” दुसरी म्हणाली, “माझ्या शेळ्यासुद्धा त्यांच्याच नावानं ओळखतात गावात.”

होमाईबाई १९४२ ला नवऱ्याबरोबर दिल्लीला गेल्या, ब्रिटिशांच्या माहिती खात्यात नोकरीला. तिथून पुढची जवळजवळ तीस वर्षं देशात जे जे मोठं घडलं, तिथं ही साडी नेसलेली बाई कॅमेरा घेऊन उभी. जायची कशावर, तर सायकलवर. आणि तेव्हाचा कॅमेरा म्हणजे आपल्या हातातला मोबाईल नव्हे. चांगला जड डबा. एका तऱ्हेच्या कॅमेऱ्यात एका वेळी दोनच फोटोंची सोय, मग नवी फिल्म भरायची. उजेडासाठी बल्ब लावायचा, तो एकदा उडाला की संपला. आपण आता लेकराच्या वाढदिवसाला चाळीस फोटो काढतो आणि एकही धड येत नाही. त्यांना एकाच फोटोत सगळं धरायचं असायचं. त्यासाठी थांबायला लागतं. माणूस कधी वळेल, कधी हसेल, हात कधी वर जाईल, ते आधी ओळखायला लागतं. आम्हाला वाटतं, नाटकवाल्याच्या घरात वाढल्याचा इथं उपयोग झाला असेल. पडद्याआड उभं राहून मंच बघणाऱ्या पोरीला उजेड कुठून येतो आणि नट कधी वळतो, हे कळत असणार. हा आमचा अंदाज, पुस्तकातलं नाही.

त्या स्वतः मात्र एक वेगळीच गोष्ट सांगायच्या. बाई म्हणून कुणी फार मनावर घेत नव्हतं, त्यामुळं कुणी अडवतही नव्हतं. त्यामुळंच जवळून, चांगले फोटो मिळाले. बघा, लोकांनी कमी लेखलं तर त्याचंही तिनं काम करून घेतलं.

त्यांचे फोटो तुम्ही नाव माहीत नसताना पाहिलेले असतील. १६ ऑगस्ट १९४७ ला लाल किल्ल्यावर झेंडा फडकला तो, माउंटबॅटन देश सोडून निघाले तो, गांधीजींच्या अंत्ययात्रेचे, नेहरूंचे तर कितीतरी. १९५६ साली दलाई लामा नथू ला खिंडीतून सिक्कीमला आले, तिथंही त्या होत्या.

आमच्या बायांना त्यातला एकच फोटो जास्त भिडला. तो झेंड्याचा नाही. जून १९४७, दिल्लीतली काँग्रेसची बैठक. देशाची फाळणी मान्य करायची का, यावर हात वर करून मत घेतलं जातंय. दाटीवाटीनं बसलेली माणसं आणि वर गेलेले हात. बस्स, एवढंच. ज्या निर्णयानं लाखो घरं उठली, तो निर्णय कसा दिसतो? तर असा. ग्रामसभेत आपण हात वर करतो तसा.

तो फोटो मोबाईलवर हातोहात फिरला आणि आमची एक बाई म्हणाली, “गेल्या वेळी आपण दारूच्या ठरावाला हात वर केला होता. त्याचा फोटो कुठंय?”

नव्हता.

मग आम्ही गटाचं कपाट उघडलं. आमच्याकडं फोटो भरपूर आहेत. अहवालाला लागतात, कर्जाच्या फाईलला लागतात, भेट द्यायला कुणी आलं की निघतात. चटईवर सगळे पसरले. आमच्याच गटांचे फोटो, पण बघावं तिकडं हार, शाल, नारळ, फीत, धनादेश धरलेले पाहुणे. बाया मागच्या रांगेत, डोक्यावर पदर, एकीचा अर्धा चेहरा पाहुण्याच्या फेट्याआड. काम करताना बाई? सगळे फोटो धुंडाळले तर एकच सापडला, आणि त्यातही ती पापड लाटत नव्हती, लाटल्यासारखं करत होती. पोळपाट कोरडा होता. फोटो काढणाऱ्यानं सांगितलं होतं तसं ती बसली होती. याला नाटकच म्हणायचं, आणि तेही वाईट नाटक.

आणखी एक सांगायचं होतं ते आता सांगून टाकतो. चार वर्षांपूर्वी बाहेरची काही मंडळी आली होती. कोण ते सांगत नाही. बायांचे फोटो काढून गेली. पुढं एका पत्रकावर आमच्या एका बाईचा चेहरा मोठा छापून आला, खाली लिहिलेलं ‘पीडित महिला’. ती पीडित बिडित काही नव्हती. उन्हातून आली होती म्हणून चेहरा तसा होता. तिच्या सासरच्यांनी ते पत्रक पाहिलं आणि घरात जे झालं ते झालं. तिनं त्यानंतर दोन वर्षं एकही फोटो काढू दिला नाही.

म्हणून आम्ही ठरवलं, आपले फोटो आपणच काढायचे. एका सुनेकडं चांगला मोबाईल होता आणि तिच्या नवऱ्याची हरकत नव्हती. हे दोन्ही एकत्र सापडायला आम्हाला आठ दिवस लागले. नियम तीनच केले: विचारल्याशिवाय काढायचा नाही, काम थांबवून पोझ द्यायला लावायची नाही, आणि वहीत बाईचं नाव, तारीख, काम लिहायचं. बाईचं नाव म्हणजे तिचं स्वतःचं. ‘अमक्याची मंडळी’ चालणार नाही.

सोयाबीन काढणीचे फोटो छान आले. शेणाच्या गोवऱ्यांचे आले. रात्री अकराला शेतात पाणी द्यायला गेलेल्या बाईचा एक आला, त्यात नुसती बॅटरी आणि पाय दिसतात, पण आम्हाला तो फार आवडतो.

मग आलं फटाक्याचं काम. तेरखेडा म्हटलं की बाहेरच्या माणसाला फटाकेच आठवतात. दिवाळीला तुमच्या अंगणात जे उडतं, त्यात आमच्या गावच्या बायांचे हात आहेत. कागदाच्या नळ्या गुंडाळायच्या, वाती लावायच्या, पाकिटं भरायची. कामाच्या जागी आगपेटी नेता येत नाही, तसा मोबाईलही नेता येत नाही, आणि ते बरोबरच आहे. त्यामुळं सून संध्याकाळी वाटेवर थांबली. एक बाई सुटून आली. तिचे हात मनगटापर्यंत रुपेरी होते. दारूत ॲल्युमिनियमची पूड असते, ती चिकटते, साबणानं लवकर जात नाही. सांजेच्या उजेडात ते हात चमकत होते. सून म्हणाली, “मावशी, फोटो काढू?”

मावशी म्हणाली, “हाताचा काढ. तोंडाचा नको. आन् नाव लिहू नको बाई, उद्या कामाला जायचंय मला.”

तिला नवरा नाही. दोन पोरी शाळेत आहेत. कुणी तिला काढून टाकणार होतं असं नाही, कुणी धमकी दिलेली नाही. पण भीती सांगून येत नाही, आणि रोजंदारीवरच्या बाईला ती जास्त कळते.

फोटो काढला. दोन हात, एकमेकांवर ठेवलेले, बांगड्या दोन-दोनच. सगळ्या फोटोंत हाच चांगला आलाय. आणि बैठकीत यावरूनच वाद पेटला. निम्म्या बाया म्हणाल्या, नियम म्हणजे नियम, नाव लिहायचं. होमाईबाईंचं नाव लिहिलं नव्हतं म्हणूनच आपल्याला राग आला ना? निम्म्या म्हणाल्या, तिचं नाव दुसऱ्यांनी झाकलं, हिचं ही स्वतः झाकतेय, दोन्ही एक कसं?

आम्हाला त्या वेळी होमाईबाईंच्या दुसऱ्या नावाची आठवण झाली. त्यांचं एक टोपणनाव होतं: डालडा १३. हसू नका. जन्म १९१३ चा, नवऱ्याची ओळख तेराव्या वर्षी, आणि पहिल्या गाडीचा नंबर आला डीएलडी १३. झालं डालडा. आपल्या घरोघरी पिवळ्या डब्यावर जे नाव होतं, त्यातच पुढं पीठ ठेवलं, तुळस लावली, तेच नाव त्यांनी फोटोखाली लावलं. म्हणजे आधी नवऱ्याचं नाव दुसऱ्यांच्या सोयीसाठी, आणि नंतर टोपणनाव स्वतःच्या खुशीनं. हे आम्ही बैठकीत सांगितलं. वाद मिटला नाही, पण आवाज खाली आला.

होमाईबाईंचं पुढं काय झालं ते राहिलं. नवरा गेला आणि १९७० ला त्यांनी कॅमेरा ठेवून दिला. नव्या फोटोग्राफरांना रीतभात राहिली नाही, नुसती ढकलाढकली, हे त्यांना पटेना. मग पुढं चाळीसेक वर्षं फोटो नाहीत. बडोद्याला राहायला गेल्या. एकुलता मुलगा १९८९ ला कॅन्सरनं गेला. त्यानंतर एकट्याच राहिल्या. फार उशिरा सबीना गडिहोके यांनी त्यांच्यावर मोठं पुस्तक लिहिलं, तेव्हा लोकांना कळलं की हे सगळे फोटो काढणारी भारतातली पहिली बाई वृत्तछायाचित्रकार अजून आहे, बडोद्यात. २०११ ला पद्मविभूषण मिळालं. १५ जानेवारी २०१२ ला गेल्या, अठ्ठ्याण्णव वर्षांच्या होऊन.

एक खंत मात्र त्यांनी जन्मभर सांगितली. ३० जानेवारी १९४८ ला त्या गांधीजींच्या प्रार्थनेला बिर्ला भवनाकडं निघाल्या होत्या. नवऱ्यानं मागं बोलावलं, उद्या दोघं मिळून जाऊ म्हणून. त्या परतल्या. त्याच संध्याकाळी गांधीजींना गोळ्या घातल्या.

हे ऐकून आमची सून गप्प बसली होती. दुसऱ्या दिवशी सकाळीच ती त्या मावशीकडं गेली, कुणाला न विचारता. म्हणाली, नाव लिहीत नाही, पण तुम्हीच सांगा काय करू. मावशीनं थोडा विचार केला आणि सांगितलं, फोटोच्या मागं लिही, पुढं नको. पाकिटात घालून चिकटव. माझी धाकटी दहावी झाली की मी सांगीन तेव्हा उघडा.

तसं केलंय. पाकीट गटाच्या कपाटात आहे, शिक्का मारून, ठरावाच्या वहीत नोंद करून. धाकटी यंदा आठवीत आहे.

आता भाकरी करपायच्या आत आम्ही थांबतो. पुढच्या बुधवारी याच वेळी भेटू. तुमच्या गटाच्या कपाटात कुठले फोटो निघतात, ते आम्हाला कळवा.