चढणीच्या माशांची नदी



मृगाचा पाऊस पडला की ओढ्यांना पाणी येते. त्या पाण्यातून मासे वर चढू लागतात. त्यांना आपण चढणीचे मासे म्हणतो. त्यांच्या पोटात गाबोळी असते. अंडी घालण्यासाठी ते निघालेले असतात.

अशीच चढण एका दूरच्या नदीतही होते. तिची हकीकत आज आम्ही सांगणार आहोत.

पृथ्वीच्या अगदी उत्तरेला नॉर्वे आणि फिनलंड असे दोन देश आहेत. त्यांच्या सरहद्दीवरून ही नदी वाहते आणि उत्तरेच्या समुद्राला मिळते. नॉर्वेत तिला ताना म्हणतात, फिनलंडात तेनो म्हणतात. तिथले मूळचे रहिवासी सामी लोक. ते तिला देअत्नू म्हणतात. देअत्नू म्हणजे मोठी नदी. हिवाळ्यात ही नदी गोठते. उन्हाळ्यात तिथे कित्येक आठवडे सूर्य मावळतच नाही.

या नदीत साल्मन नावाचा मासा येतो. त्याची रीत मोठी नवलाची आहे. मादी शरद ऋतूत शेपटीने खडी उकरते, खळगा करते आणि त्यात अंडी घालते. वसंतात पिल्ले बाहेर पडतात. ती तीन-चार वर्षे नदीतच वाढतात. मग समुद्रात जातात. तिथे एक ते तीन वर्षे भरपूर खातात आणि परत फिरतात. तुम्ही म्हणाल, एवढ्या मोठ्या समुद्रातून त्यांना वाट कशी सापडते? नदीजवळ आल्यावर ते वासाने आपले पाणी ओळखतात. ज्या उपनदीत जन्म झाला, बहुतेक मासे तिथेच जातात. म्हणून एका उपनदीतले मासे संपले, तर दुसरीकडचे येऊन ती जागा लवकर भरत नाहीत.

या नदीवर दोन तऱ्हेचे लोक मासे धरीत. एक सामी लोक. बर्फ वितळून पूर आला की ते होड्या सोडीत आणि प्रवाहाबरोबर जाळे वाहू देत. हा मासा म्हणजे त्यांचे अन्न. दुसरे हौशी पाहुणे. ते दूरदूरच्या गावांहून येत, पैसे भरून परवाना घेत आणि गळ टाकीत. गावचा माणूस त्यांची होडी वल्हवी. त्याला चार पैसे मिळत. १९२८ साली या नदीत एकाने गळाने सुमारे ३६ किलोचा साल्मन धरला. एवढा मोठा मासा गळाला लागल्यामुळे नदीचे नाव सगळीकडे झाले.

पुढे मासे कमी होऊ लागले. त्याचे कारण एकच नाही. पुष्कळ वर्षे नदीत आणि किनाऱ्याजवळ मासेमारी फार झाली. अलीकडे तर समुद्रात गेलेल्या माशांपैकी परत येणारे मासेच घटले. समुद्राचे पाणी तापत चालले आहे, त्यामुळे माशांचे जगणे अवघड झाले असावे, असे जाणकारांना वाटते.

२०१७ साली दोन्ही सरकारांचा नवा करार लागू झाला आणि मासेमारीवर कडक बंधने आली. तेवढ्याने भागले नाही. २०२१ साली सगळ्या नदीत साल्मन धरायला बंदी झाली. पाहुण्यांना बंदी आणि सामींनाही बंदी. पुढच्या वर्षीही ती उठली नाही.

आता सामी लोकांचे दुःख ऐका. नियम करताना आम्हांला नीट विचारले नाही, असे ते म्हणतात. २०१७ सालीच काही सामींनी नियम मोडून या नदीच्या उपनद्यांत मासे धरले. त्यांच्यावर खटले झाले. २०२२ साली फिनलंडच्या सर्वोच्च न्यायालयाने त्यांना निर्दोष ठरवले. आपल्या नदीत मासे धरणे हा सामींचा हक्क आहे, असे न्यायालयाने मानले.

त्यांना आणखी एक काळजी आहे. जाळे कसे विणावे, कोणत्या डोहाला काय म्हणतात, पाणी किती चढले म्हणजे होडी सोडावी, हे सारे पोर बापाबरोबर होडीत बसून शिकते. चार-सहा वर्षे होडी निघालीच नाही, तर ते शिकणार कुठे? मासे उद्या परत येतील, पण धरणारे हात विसरले तर काय?

मंडळी, आम्हांला दोन्ही गोष्टी खऱ्या वाटतात. शेतकऱ्याच्या घरी कितीही ओढाताण असली, तरी बियाण्याच्या कणगीला कोणी हात लावीत नाही. वर चढणारी मादी हे नदीचे बियाणे आहे. ते राखलेच पाहिजे. पण राखायचे कसे, हे ठरवताना नदीकाठी पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या माणसाला आधी विचारावे. आणि पोटावर गदा येण्याआधी हौसेला आळा घालावा. घरात दाणे कमी पडले, तर आपण आधी सण आवरता घेतो, मुलांचे ताट नव्हे.

आता आपल्या ओढ्याकडे वळू. यंदा मृगात चढणीचे मासे येतील. जरूर धरा. पण ओढा या काठापासून त्या काठापर्यंत अडवू नका. एका बाजूने वाट मोकळी ठेवा. किती ठेवावी, ते गावाने एकत्र बसून ठरवावे. गाबोळीची थोडी मासळी वर गेली, तर पुढच्या पावसातही ओढ्यावर जायला कारण राहील.

रामराम.