मुलांना ताराबाई कधी भेटणार?

(मोताळा येथील महिला मेळाव्यात केलेले भाषण)



आपल्या जिल्ह्यातली थोर बाई कोण, असं मुलांना विचारा. सगळी एका सुरात म्हणतात, सिंदखेडराजाच्या जिजाऊ. बरोबरच आहे. पण आणखी एक नाव सांगा म्हटलं, की सारी गप्प.

ते नाव इथून जवळच्या बुलढाण्याचं आहे : ताराबाई शिंदे. १८८१ साली सुरतेच्या विजयालक्ष्मी या विधवेला बालहत्येबद्दल फाशीची शिक्षा झाली. पुढे ती कमी झाली. त्यानिमित्तानं वर्तमानपत्रांत साऱ्या बायकांनाच नावं ठेवली गेली. ताराबाई चिडल्या. १८८२ साली 'स्त्रीपुरुष तुलना' लिहून त्यांनी विचारलं, हे दुर्गुण पुरुषांत नाहीत काय? जोतीराव फुल्यांनी त्यांची बाजू घेतली. तरी पुस्तक विस्मरणात गेलं. १९७५ साली स. गं. मालशे यांनी ते पुन्हा प्रसिद्ध केलं.

पुस्तकाची भाषा जुनी आणि झोंबरी आहे. म्हणून मुलांना नुसतं हाती देऊ नका. शेजारी बसून एकेक उतारा वाचा, अर्थ सांगा. मुलींना वाचून दाखवाल तसं मुलग्यांनाही दाखवा. आणि चमत्कार जोडू नका. ताराबाईंच्या जन्ममृत्यूच्या नक्की तारखा मिळत नाहीत, हेही सांगा. मूल विचारेल, "का नाही कुणी लिहून ठेवल्या?"

त्या प्रश्नाला गप्प करू नका. मग आजीच्या आयुष्याबद्दल विचारायला आणि ते वहीत लिहायला सांगा. नाहीतर तिच्याही तारखा उद्या सापडणार नाहीत.