तान्ह्याचे रडणे आणि परमुलुखातील घर
(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवानिमित्त रायपूर येथे दिलेल्या भाषणाचा मजकूर)



सुवर्णमहोत्सवाच्या व्यासपीठावरून इतिहास, साहित्य वा संस्कृती यांविषयी बोलण्याचा प्रघात आहे. आम्ही मात्र आज तान्ह्या बाळाच्या रडण्याविषयी बोलणार आहोत. विषय घरगुती खरा. परंतु बदलीच्या नोकरीमुळे किंवा व्यवसायामुळे रायपूर-भिलाईकडे आलेल्या तरुण दांपत्याला रात्री दोन वाजता गाठणारा प्रश्न हाच असतो. मूल रडत आहे, आणि विचारावे असे वडीलधारे माणूस घरात नाही.

आपल्या मायबोलीने या रडण्याचे किती बारीक भेद केले आहेत पाहा. मूल कुरकुरते, किरकिरते, मुसमुसते, कण्हते, भोकाड पसरते, टाहो फोडते. बाळंतिणीच्या खोलीत रात्री जागवणाऱ्या आज्या-मावश्यांच्या कानांनी वेचलेले हे भेद आहेत. नव्या आईला ते कोणी शिकवीत नसे. शेजारी बसलेल्या जाणत्या बाईच्या चेहऱ्यावरून ती ते आपोआप उचलीत असे. परमुलुखात आपण जे गमावतो ते हे शेजारी बसणे.

शास्त्रज्ञांनीही या रडण्याकडे कान दिला आहे. १९६० च्या दशकात फिनलंडमधील संशोधकांनी अर्भकांचे रडणे ध्वनिमुद्रित करून जन्माचे, भुकेचे आणि वेदनेचे रडणे यांतील फरक तपासले. वेदनेचे रडणे एकाएकी, उंच स्वरात सुरू होते, लांबते, आणि मध्ये श्वास कोंडल्यासारखा वाटतो. भुकेचे रडणे कुरकुरीने सुरू होऊन लयीत चढत जाते. मात्र पुढील अभ्यासांतून असेही दिसले की, केवळ आवाज ऐकवला तर कारण कोणते हे खुद्द आयांनाही खात्रीने सांगता येत नाही. आवाजावरून निकड कळते. कारण मात्र भोवतालच्या खुणांवरून शोधावे लागते. म्हणून प्रत्येक रडण्याचा अर्थ लावून देणाऱ्या तक्त्यांवर फार विसंबू नये. शेवटचे दूध केव्हा प्याले, दुपटे ओले आहे काय, अंग गरम वा गार लागते काय, बोटाला एखादा दोरा वा केस आवळला आहे काय, हे क्रमाने पाहावे. भुकेलेले मूल रडण्यापूर्वीच मूठ तोंडाशी नेते, ओठ चाळवते, मान वळवून स्तन शोधते. रडणे ही भुकेची शेवटची खूण होय.

आणखी एक गोष्ट परप्रांतस्थांनी विशेष ध्यानी घ्यावी. २००९ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात तीस फ्रेंच व तीस जर्मन नवजात बालकांच्या रडण्याची तुलना केली होती. फ्रेंच बाळांचा स्वर बहुधा चढत गेलेला आढळला, तर जर्मन बाळांचा उतरत आलेला. त्या त्या भाषेच्या लहेजाशी हे जुळणारे होते. म्हणजे उदरात असतानाच मूल आईच्या बोलण्याची लय ऐकत असते. अंगणात छत्तीसगडी, रस्त्यावर हिंदी. तरी आपल्या घरच्या मराठीचा संस्कार बारशाच्या कितीतरी आधी सुरू झालेला असतो.

आता शांतवण्याविषयी. दुसऱ्या आठवड्यापासून रडणे वाढत जाते, सहाव्या आठवड्याच्या सुमारास शिगेला पोहोचते आणि तीन-चार महिन्यांत ओसरते. ते विशेषतः तिन्हीसांजेला होते. आपल्या बायका त्यास दृष्ट म्हणत आणि मीठमोहऱ्या ओवाळीत. कारणमीमांसा सोडून द्या. निरीक्षण अचूक होते. शिवाय त्या निमित्ताने दुसरे कोणीतरी मुलाला हाती घेई आणि आईला उसंत मिळे. मूल जवळ घ्यावे, छातीशी धरून फिरावे. मॉन्ट्रियल येथील १९८६ च्या एका प्रयोगात ज्या मुलांना रोज अधिक वेळ उचलून घेतले गेले, ती सहाव्या आठवड्यात इतरांपेक्षा ४३ टक्के कमी रडली. तेव्हा उचलून घेतल्याने मूल लाडावेल, ही भीती या वयात बाळगू नये.

परंतु जुने ते सारे सोने नव्हे. मुंबईच्या गिरणगावात कामावर जाणाऱ्या आया मुलांना अफूची बाळगोळी देऊन निजवीत. ते रडणे शमवणे नव्हते, तोंड दाबणे होते. पहिले सहा महिने आईच्या दुधावाचून काही देऊ नये, असे आजचे वैद्यक सांगते. त्यात गुटी आली, मध आला, ग्राइप वॉटरही आले. धुरीचा धूर तर कोवळ्या फुप्फुसांना अपायकारकच. आणि कितीही वैताग आला तरी मुलाला गदागदा हलवू नये. त्याने मेंदूत रक्तस्राव होऊ शकतो. अशा वेळी त्यास सुरक्षित जागी उताणे निजवून चार मिनिटे बाजूला व्हावे. त्यात कमीपणा नाही.

आता सर्वांत महत्त्वाचे. रडणाऱ्या मुलापेक्षा रडेनासे झालेले मूल अधिक चिंतेचे. हे ज्ञान आपल्या शेजारच्या गडचिरोलीतून जगाला मिळाले. डॉ. अभय बंग आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ संस्थेने १९९५ पासून ३९ गावांत, बेताचे शिक्षण झालेल्या गावातल्याच स्त्रियांना नवजात बालकांची काळजी घेण्यास शिकविले. जंतुसंसर्ग ओळखण्यासाठी ज्या सात लक्षणांपैकी कोणतीही दोन एकत्र पाहावयाची, त्यांत एक असे: आधी नीट रडणाऱ्या बाळाचे रडणे क्षीण वा चमत्कारिक झाले, किंवा थांबले. दूध ओढणे कमी होणे आणि बाळ सुस्त वा बेशुद्ध होणे हीही त्यांतलीच. तिसऱ्या वर्षी, तुलनेसाठी घेतलेल्या गावांच्या मानाने, तेथील नवजात मृत्युदर ६२ टक्क्यांनी उतरला. हा वृत्तांत १९९९ साली ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झाला. आजीच्या कानाला जे जाणवे, त्यास तेथे मोजमाप आणि उपचार यांची जोड मिळाली. म्हणून ही लक्षणे दिसताच, किंवा तीन महिन्यांखालील मुलाचा ताप १००.४ अंश फॅरनहाइटवर जाताच, उजाडण्याची वाट न पाहता रुग्णालय गाठावे.

आपल्या छत्तीसगडनेही २००२ साली अशीच एक वाट धरली. गावोगावच्या आरोग्यसेविकेला येथे ‘मितानीन’, म्हणजे मैत्रीण, असे नाव दिले. या नावातच मर्म आहे. नव्या आईला उपदेशापेक्षा सोबत अधिक हवी असते.

म्हणून मंडळास आमची नम्र सूचना आहे. गणेशोत्सव, हळदीकुंकू, नाट्यप्रयोग हे सारे चालू राहोच; परंतु मंडळातील कुणाच्या घरी पाळणा हलला, की पहिले सहा आठवडे दोन अनुभवी भगिनींनी आळीपाळीने तेथे जावे. तासभर मूल घ्यावे, आईला निजू द्यावे, आणि काही वावगे दिसल्यास वेळीच दवाखान्याची वाट दाखवावी. पुरुषमंडळींनीही रात्रीची एक पाळी आपल्याकडे घ्यावी. कडेवर मूल घेऊन फेऱ्या मारण्यास कोणत्याही पदवीची अट नाही. पन्नास वर्षांत मंडळाने आपल्याला सभागृह दिले, रंगमंच दिला. पुढील पन्नास वर्षांत परमुलुखात जन्मणाऱ्या प्रत्येक मराठी मुलाला त्याने एक आजी मिळवून द्यावी, एवढीच अपेक्षा व्यक्त करून आम्ही आपली रजा घेतो.