जाहिरात न देता भरलेली जागा



कापूस-ज्वारीवाल्यांच्या सभेत नोकरभरतीचा कायदा कशाला, असे काहींच्या मनात आले असेल. पण कोरडवाहू रानावर भागत नाही म्हणून पोराला शिकवले, आणि एके दिवशी कोणी येऊन सांगितले, "शिपायाची जागा आहे. जाहिरात नाही, परीक्षा नाही, आतल्या आत होते. फक्त पैशाची सोय करा." मग दोन एकर निघतात. असे ज्याच्या गावात झाले नाही त्याने हात वर करावा. मला आज एवढेच सांगायचे आहे, की अशी जागा कोर्टात टिकत नाही. विकलेले दोन एकरही परत येत नाहीत.

घटनेच्या १६ व्या कलमाने सरकारी नोकरीत सर्वांना समान संधी दिली आहे. पण जागा निघाल्याचे ज्याला कळलेच नाही त्याला संधी कसली? बाजार समितीत लिलाव ठेवायचा आणि पुकारा दोघांच्याच कानात करायचा, तसा हा प्रकार.

एम्प्लॉयमेंटचे कार्ड आठवते ना? एसटीने जिल्ह्याला जायचे, नाव नोंदवायचे, मुदत संपायच्या आत पुन्हा जायचे आणि कॉलची वाट पाहत बसायचे. १९५९ च्या कायद्याने रिकाम्या जागा रोजगार केंद्राला कळवणे सक्तीचे केले होते. माणूस तिथूनच घ्या, असे त्या कायद्यात नव्हते. ते सरकारी हुकमांनी आणले, आणि १९८७ साली हरगोपाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ते चालवून घेतले. ज्याचे कार्ड नाही, त्याला दार बंद.

ते दार १९९६ साली उघडले. आंध्रच्या कृष्णा जिल्ह्यातील अबकारी खात्याविरुद्ध विश्वेश्वर राव असा तो खटला. न्यायालय म्हणाले, केंद्राकडून नावे मागवा, पण त्याबरोबर चांगल्या खपाच्या वर्तमानपत्रांत जाहिरात द्या, कार्यालयाच्या फलकावर लावा, रेडिओ-दूरदर्शनवरून सांगा, आणि जे जे अर्ज करतील त्या सगळ्यांचा विचार करा. (फलक साहेबाच्या कपाटामागे टांगायचा नसतो, हे न्यायालयाने लिहिले नाही. लिहायला हवे होते.)

२००६ साली उमादेवी खटल्यात पाच न्यायाधीशांनी आणखी पुढचे सांगितले. जाहिरात आणि स्पर्धा टाळून मागच्या दाराने घेतलेल्या माणसाला, तो बरीच वर्षे राबला एवढ्यावरून, कायम होण्याचा हक्क मिळत नाही.

आता झारखंडमधल्या पलामू जिल्ह्याचे ऐका. तिथे चतुर्थ श्रेणीच्या पदांसाठी २०१० साली जाहिरात निघाली होती. म्हणजे जाहिरात होती! पण एकूण जागा किती, राखीव किती, हे त्यात लिहिलेच नव्हते. फेब्रुवारी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती सगळी भरती मुळातच रद्दबातल ठरवली. नोकरी गेलेला माणूसच दाद मागायला गेला होता, तो हरला. कागद साहेबाने चुकीचा काढला, भोगले शिपायाने. मला हा न्याय अर्धाच वाटतो, कारण तसा कागद काढणाऱ्याचे काय झाले हा प्रश्न उरतोच. पण कायदा आहे तो असा आहे. आणि लाच देणे हाही २०१८ च्या दुरुस्तीनंतर गुन्हा, त्यामुळे पैसे बुडाले तर ठाण्यात सांगायचीही चोरी.

तेव्हा जाहिरात सरकीच्या पिशवीसारखी उलटसुलट करून वाचा. जागा किती, राखीव किती, पात्रता काय, अर्जाची शेवटची तारीख कोणती. खोट दिसली तर तेव्हाच लेखी हरकत द्या आणि पोच घ्या. मुलाखत देऊन यायचे, निकालात नाव नाही म्हटल्यावर मग भांडायचे, हे कोर्ट सहसा ऐकत नाही. १९९५ च्या मदनलाल खटल्यात तसेच झाले.

जागा महसूलसारख्या राज्य सरकारच्या खात्यातली असेल तर आधी प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जावे लागते. त्याचे खंडपीठ नागपूरला आहे, छत्रपती संभाजीनगरलाही आहे. जिल्हा परिषदेच्या जागेसाठी उच्च न्यायालय. आणि कोणी "आतल्या आत" म्हणत दारात आला, तर आधी १० रुपयांचे तिकीट लावून माहिती अधिकारात त्या कार्यालयाला विचारा: ही जागा मंजूर आहे काय, आणि तिची जाहिरात कोणत्या वर्तमानपत्रात, कोणत्या तारखेला आली?