स्वागताध्यक्षांचे भाषण : ह्यूस्टन

मा. संमेलनाध्यक्ष, सन्माननीय पाहुणे आणि दुरून आलेल्या मराठी अभियंता बंधुभगिनींनो,

ह्यूस्टनच्या मराठी मंडळींतर्फे आपले मनःपूर्वक स्वागत. १८३६ मध्ये ॲलन बंधूंनी बफेलो बायूच्या काठी वसवलेले हे आमचे गाव. समुद्र लांब, म्हणून अडून न बसता १९१४ मध्ये बायू खोल करून आम्ही जहाजेच दारात आणली! पण माझे लाडके ठिकाण म्हणजे इमॅन्सिपेशन पार्क. गुलामीतून सुटलेल्या कृष्णवर्णीयांनी १८७२ मध्ये पाद्री जॅक येट्स आदींच्या पुढाकाराने वर्गणी काढून १० एकर जमीन घेतली, ती मुक्तिदिन साजरा करायला. आमच्या वर्गणीदारांनी हा आदर्श ठेवावा, एवढेच सुचवतो.

आता विषयाकडे वळतो. पर्यावरणीय न्याय म्हटले की सगळे १९८२ च्या वॉरन काउंटीचे नाव घेतात. नॉर्थ कॅरोलिनातल्या त्या लोकांनी पीसीबीने विषारी झालेल्या मातीचे ट्रक रस्त्यात आडवे पडून अडवले, ५०० वर माणसे अटकेत गेली. त्यांचा मान मोठाच. परंतु त्याआधी, १९७९ मध्ये, आमच्या नॉर्थवुड मॅनरच्या रहिवाशांनी कचरा डेपोविरुद्ध कोर्ट गाठले होते. वस्ती बहुतांश कृष्णवर्णीय घरमालकांची. जवळच्या हायस्कुलात एसीसुद्धा नव्हता. त्यांच्या वकील लिंडा मॅकीव्हर बुलार्ड. पती रॉबर्ट बुलार्ड पुढे या चळवळीचे जनक म्हणून गाजले, पण त्यांना कामाला लावले ते बाईंनी! टेक्सास सदर्न विद्यापीठातल्या या प्राध्यापकांनी विद्यार्थ्यांना घेऊन डेपोंचे पत्ते शोधले. शहरात कृष्णवर्णीय २५ टक्के. पण महापालिकेचे पाचही डेपो आणि ८ पैकी ६ कचराभट्ट्या त्यांच्याच वस्त्यांत! मनाईहुकूम मिळाला नाही, डेपो झालाच. तरी कचऱ्याच्या जागेला नागरी हक्कांच्या कायद्याखाली दिलेले हे पहिले आव्हान. बाईंचे नाव या व्यासपीठावरून आवर्जून घेतो. आपल्या निबंधांत पंप-गाळण्यांसोबत ‘शेजारी कोण राहते’ हाही एक रकाना असावा, ही नम्र विनंती.

व्यवस्थेत उणिवा आहेत. सभागृहाचा एसी सकाळपासून रुसला आहे, पार्किंग तिसऱ्या गल्लीत आहे, नाश्त्याला वडे कमी पडले; मोठ्या मनाने सांभाळून घ्यावे. श्रीखंडाचा भार उचलणारे डॉक्टर दांपत्य, सतरंज्या देणारे गुजराती शेजारी, विमानतळावर रात्री-अपरात्री गाड्या घेऊन गेलेली तरुण मुले, आणि नाव छापू नका म्हणत सर्वांत मोठा चेक देणारे गृहस्थ, सर्वांचे आभार. कुणाचे राहिले असल्यास समारोपात घेऊ. जेवणाचे कूपन जवळ ठेवा. सुस्वागतम्!