मानापमानाचा अनुराग

बोरिवलीहून चर्चगेटकडे निघालेल्या सकाळच्या गाडींत, किंवा मुलुंड-घाटकोपरच्या गर्दींत, मोबाईलवर प्रणयकथा वाचणाऱ्या स्त्रिया आज पुष्कळ दिसतात. 'प्रतिलिपि'सारख्या ठिकाणीं अशा मराठी कथामालिका भागाभागांनीं येतात. त्यांत एक नायक वारंवार भेटतो: एके काळचा प्रियकर, ज्यानें दगा दिला किंवा ज्याला नायिकेनें झिडकारिलें, आणि जो आतां तिच्याच कचेरींत वरिष्ठ होऊन बसतो. ज्याच्या नांवानें बोटें मोडावीं त्याच्याच हुकमतींत दिवस काढावयाचा, या प्रसंगाची एवढी गोडी कां असावी?

पाश्चात्त्य वाङ्मयाचें हें अनुकरण आहे असें म्हणून पुष्कळ वडील मंडळी नाक मुरडतात. त्यांना आपल्याच रंगभूमीचा विसर पडला आहे. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर यांचें 'मानापमान' १९११ सालीं रंगभूमीवर आलें; त्याच्यावर आधारलेला चित्रपट २०२५ च्या जानेवारींत निघाला. धनिककन्या भामिनी वडिलांनीं पसंत केलेल्या धैर्यधराला, तो निर्धन म्हणून, तुच्छ लेखते. त्या मानी वीराच्या तें जिव्हारीं लागतें. पुढें तीच भामिनी वनमाला हें नांव घेऊन साध्या वेषांत त्याच्यासमोर येते, आणि जिच्या नांवाचा त्याला तिटकारा, तिच्याच सहवासांत तो रमूं लागतो. प्रेक्षकांना गुपित ठाऊक असतें. उंच आसनावरून अपमान करणारें माणूस आपल्या पायांनीं खालीं उतरतें, हें पाहण्यांत त्यांना अपूर्व आनंद होतो.

उदासीनता आली कीं प्रेमकथा संपते. द्वेष मात्र हिशेब उघडा ठेवतो. ज्याचा तिरस्कार करावयाचा त्याची आठवण रोज जागती ठेवावी लागते. शिवाय घरांत आणि कचेरींत जिला दहाजणांचें ऐकून घ्यावें लागतें, तिला अपमान करणारा मान खालीं घालून उभा राहिलेला पाहण्याचें सुख दुसरें कोण देणार? त्या सुखाला हंसण्याचें कारण नाहीं.

परंतु खाडिलकरांनींच दोन वर्षांनंतर, १९१३ सालीं, 'विद्याहरणा'साठीं कच-देवयानीची कथा घेतली. आदिपर्वांतील ही कथा प्रसिद्ध आहे. संजीवनी विद्येसाठीं शुक्राचार्यांकडे आलेला कच तीन वेळां मृत्यूच्या दाढेंतून परत आला, तो देवयानीनें पित्यापाशीं धरलेल्या हट्टामुळें. जीव दिला म्हणून जीवावर आपलाच हक्क, असें तिला वाटलें. कचानें नकार देतांच प्रेमाचा शाप झाला, आणि त्यानेंहि उलट शाप दिला. पुढें ती ययातीची राणी झाली, राजकन्या शर्मिष्ठेला तिनें दासी करविलें. हुकमानें जें जें मिळतें तें सर्व तिला मिळालें. ययाति मात्र शर्मिष्ठेकडे गेला. वि. स. खांडेकरांनीं १९५९ च्या 'ययाति'मध्यें देवयानीला स्वतःच्या तोंडून बोलूं दिलें आणि कचालाहि पुन्हां कथेंत आणिलें. जुना राग मनांत बाळगणाऱ्या स्त्रीचें चित्र पाहावयाचें असेल त्यानें तीं प्रकरणें वाचावींत.

भामिनीला धैर्यधरापुढें कोणी ओढून नेलें नव्हतें. ती स्वतः गेली. हल्लींच्या कित्येक मालिकांत एवढेंच नेमकें गळून पडतें. नायक मनगट आवळतो, वाट अडवितो, बढती रोखून धरतो, आणि लेखक त्याला प्रेमाची उत्कटता म्हणतो. अंधेरीच्या कचेरींत नोकरी करणाऱ्या मुलीला असा वरिष्ठ खरोखरच भेटला तर त्याच्या हातीं तिचा पगार असतो, आणि कथेंतील नायकाप्रमाणें त्याला शेवटच्या भागांत पश्चात्ताप होईलच असें नाहीं. २०१३ च्या कायद्यानें दहा किंवा अधिक माणसें असलेल्या प्रत्येक कचेरींत अशा तक्रारींसाठीं समिती नेमणें बंधनकारक केलें आहे. मालिकांतील पुष्कळ नायक दुसऱ्याच भागांत त्या समितीपुढें उभे राहावयाचे. लेखक त्यांना हळूच तेथून सोडवून चाळिसाव्या भागांत बोहल्यावर नेऊन चढवितात.